शूटिंगकाकांची हळद

हट्टा गावच्या शूटिंगकाकांनी माझ्या लग्नाचा व्हिडिओ काढला, त्यात मी नाही. बायकोही नाही. पाऊण तास स्टीलच्या ताटात हळद नाचते, एवढंच आहे.

काकांची पद्धत सोपी होती. स्पीकर आडवा टाकायचा, वर ताट, ताटात दोन चिमटी हळद. आवाज झाला की हळद उड्या मारत कधी कडी व्हायची, कधी जाळी, आणि काका त्यावर कॅमेरा रोखून बसायचे. मंगलाष्टकांची झालर झाली होती, बँडचा नुसता धुरळा. माझे वडील मांडवातला माईक बळकावून सगळ्यांना "जेवून जा" म्हणून दटावत होते, त्याचं मधोमध फाटलेलं फूल झालं होतं.

"काका, माझा शालू कुठंय?" बायकोनं विचारलं.

"शालू दुकानातबी दिसतो, बाई. आवाज कुठं दिसतो?"

बायको आठ दिवस माझ्याशी बोलली नाही.

काकांना आणखी एक खोड होती. लग्नात स्पीकरवर तळहात ठेवून उभे राहायचे. विचारलं तर म्हणायचे, "कानानं तर गाढवबी ऐकतं." आम्हाला वाटायचं, मोठा कलाकार लागून गेला. मी तो व्हिडिओ गावाच्या ग्रुपवर टाकला आणि खाली लिहिलं, "नवरदेव शोधून दाखवा." गाव पोट धरून हसलं. त्यानंतर काकांना एकाही लग्नाचं काम आलं नाही.

गेल्या वर्षी वडील गेले. त्यांचा आवाज फक्त त्या व्हिडिओत होता आणि माझ्याकडचा व्हिडिओ जुन्या फोनबरोबर गेला होता. म्हणून निर्लज्जासारखा काकांच्या दारात उभा राहिलो. तीनदा हाक मारली. काकांनी मान वळवली नाही.

"त्यायला ऐकू येत न्हाई," काकू म्हणाल्या. "तुमच्या लग्नाआधीच कान गेलते, डीजेपाशी उभं राहून राहून. समोरच्याचे ओठ बघून भागवतात. कोणाला सांगू देलं न्हाई. कामं जातील म्हणले."

मेल्याहून मेल्यासारखं झालं. एवढ्यात काकांनी मला पाहिलं, हसले, आणि स्पीकर, ताट, हळद मांडून माझ्या हातात माईक दिला. "बोल."

दुसरं काही सुचेना. "जेवून जा," मी म्हणालो.

काका ताटावर वाकले. "बापावर गेलास. मधीच फाटून राहिली बघ."

 "काका, चुकलं माझं," मी पुटपुटलो. हळद जागची हलली नाही.

"मोठ्यानं बोल," काका म्हणाले. "दिसून न्हाई राहिलं."