हितचिंतकाच्या नावे

योनाथान साळवे गेल्या महिन्याच्या दुसऱ्या मंगळवारी सकाळी सव्वासहा वाजता हुबळीजवळच्या नवनगरमधल्या राहत्या घरी वारले. वय चौऱ्याहत्तर, कारण हृदयविकार. ते वजन-मापे निरीक्षक म्हणून निवृत्त झाले होते आणि इथल्या एका लहानशा मराठी ख्रिस्ती मंडळीचे चौदा वर्षं खजिनदार होते. त्यांच्या आणि माझ्या अंगणामध्ये कमरेएवढी भिंत आहे. एस्तेरअक्कांनी, म्हणजे त्यांच्या पत्नींनी, त्या भिंतीपाशी येऊन मला बातमी दिली. "अण्णा, हे गेले," एवढंच त्या म्हणाल्या. मग गॅसवर दूध ठेवलं होतं ते आठवून आत गेल्या, गॅस बंद करून परत आल्या आणि भिंतीला धरून उभ्या राहिल्या. मी वेळ विचारली. चाळीस वर्षं वर्तमानपत्रात काढलेल्या माणसाला तेच आधी सुचतं. त्यांनी घड्याळाकडे बघून ती सांगितली.

साळवे आणि मी बारा वर्षं शेजारी होतो. रोज संध्याकाळी सहाला ते माझ्या अंगणात यायचे, साडेसातला उठायचे. "काय वार्ताहर, आज कुणाचा संशय?" ही त्यांची सुरुवात. मी एका मराठी दैनिकाच्या हुबळी कार्यालयातून, आधी वार्ताहर आणि मग संपादक राहून, निवृत्त झालेलो, आणि देव व पैसा ही दोन नावं एकाच दमात घेणाऱ्या माणसाबद्दल सावध राहायचं हे मला त्या धंद्याने शिकवलेलं. साळवे तर दुसरं काही बोलतच नसत. रविवारी दुपारी ते मंडळीतल्या लोकांचा वर्ग घेत. विषय वर्षानुवर्षं एकच होता, पवित्र शास्त्र पैशाबद्दल काय सांगतं. आठवडाभर त्याची तयारी ते माझ्यावर करत.

त्यांची सुरुवात नेहमी वजनांपासून व्हायची. जुन्या करारात सांगितलंय, की पिशवीत दोन वजनं ठेवू नका, एक घ्यायचं आणि एक द्यायचं. हे वाचून दाखवताना त्यांचा आवाज खात्यातल्यासारखा होई. लोखंडी वजनाच्या बुडाला शिसं भरलेलं असतं, त्यावर सरकारी शिक्का असतो. ते शिसं खरवडलं की किलोमागे किती ग्रॅम सुटतात आणि नुसतं बोट फिरवून ते कसं कळतं, हे त्यांनी मला एकदा रद्दीवाल्याचंच वजन उलटं करून दाखवलं होतं. रद्दीवाला म्हणाला, "सायब, रिटायर झालात ना?" साळवे म्हणाले, "मी झालो. शिसं नाही झालं." मग पुढे मजुरी. मजुराची मजुरी सूर्य मावळायच्या आत द्या, रात्रभर घरात ठेवू नका. हे ते पाळत. त्यांच्याकडे गवंडी असला की पाच वाजताच पाकिटं तयार असत, आणि गवंडी सहापर्यंत थांबायला तयार असला तरी हे त्याला घालवून देत. शेताचे कोपरे कापू नका, ते गरिबासाठी आणि परक्यासाठी सोडा. गरिबाला दिलेल्या पैशावर व्याज घेऊ नका. पन्नासाव्या वर्षी विकलेली जमीन मूळ घराण्याला परत जाऊ द्या.

"हे कुठे झालंय?" मी विचारायचो.

"झालंय असं नाही म्हणालो. लिहिलंय असं म्हणालो."

मी तपासायला बसलेलो असे आणि ते त्यांना आवडत असे, असं मला वाटतं. मालकाचे पैसे ज्याने जमिनीत पुरून ठेवले त्या नोकरालाच मालक रागावतो, वाढवणाऱ्यांना शाबासकी देतो, ही गोष्ट त्यांनी सांगितली तेव्हा मी म्हणालो की मग तो सावकारच झाला. अप्रामाणिक कारभारी मालकाच्या कुळांची देणी परस्पर कमी करतो आणि मालक त्याच्या हुशारीचं कौतुक करतो, ही तर मी स्वतः वाचून काढली आणि त्यांच्यासमोर ठेवली. "या ठिकाणी मीही अडकतो," ते म्हणाले. "वर्गात हा भाग मी पाळकांना घ्यायला सांगतो." उत्तर येत नसलं तर येत नाही म्हणणारा माणूस मला धंद्यात फार थोड्या वेळा भेटला होता. तरीही... किंवा त्यामुळेच, मी त्यांच्याकडे अधिक बारकाईने बघू लागलो.

माझा संशय एका विशिष्ट गोष्टीवरून सुरू झाला, ती म्हणजे सुगीच्या सणाचा लिलाव. दरवर्षी पिकं घरात आली की या मंडळीत उपासनेनंतर लिलाव होतो. ज्याच्याकडे जे पिकलं, जे बनलं ते तो वेदीपुढे आणून ठेवतो. भोपळा, केळ्याचा घड, ज्वारीचं पोतं, घरचा केक, कोंबडा. मग त्याची बोली लागते. घेणारा कधी कधी तोच भोपळा परत देतो आणि तो पुन्हा विकला जातो. पैसे मंडळीच्या मदतनिधीत. साळवे मला पाहुणा म्हणून नेत. खजिनदार या नात्याने प्रत्येक वस्तू ते स्वतःच्या तराजूवर तोलून वजन मोठ्याने सांगत, आणि लोक हसत, कारण बोलीचा वजनाशी काही संबंध नसे. "दोन किलो आठशे, देवाचा भोपळा," मागच्या बाकावरून कोणीतरी म्हणे. "सातशे ऐंशी," साळवे दुरुस्त करत.

अळणावरजवळच्या एका गावाहून मार्थाबाई नावाची विधवा येई. रोजंदारीवर शेतात जाणारी. ती दरवर्षी तीन अंडी आणायची. तिची अंडी आली की साळवे तराजूवरून हात काढून म्हणत, "एक हजार. हितचिंतकाच्या नावे." एका वर्षी दोन हजार. त्या दिवशी मंडळीत त्याहून जास्त बोली दुसऱ्या कशालाच लागली नव्हती. बाई पदर तोंडावर घेऊन बसून राहायची. हितचिंतक कोण, हे साळवेंनी कधी सांगितलं नाही. उजवा हात देतो ते डाव्याला कळू नये, असं शास्त्रात आहे म्हणाले.

"काळा पैसा असलेल्या प्रत्येकाला हे वचन आवडेल," मी म्हणालो.

"आवडेल. पण तो असा तीन अंड्यांवर कशाला उधळेल?"

"आणि देवळातल्या पेटीत विधवेने दोन नाणी टाकली, ती तुमच्या प्रभूने बघितलीच ना? म्हणजे गुप्त कुठे राहिलं?"

ते हसले. "हे मी रविवारी सांगणार. तुमच्या नावावर."

माझा तर्क असा होता. निरीक्षकाची नोकरी, त्या पगारात नवनगरमध्ये दुमजली घर, आणि जक्कय नावाच्या जकातदाराची गोष्ट. तो श्रीमंत जकातदार प्रभूला म्हणतो की अर्धी मालमत्ता गरिबांना देतो आणि कुणाचं लुबाडलं असेल तर चौपट परत करतो. ही गोष्ट सांगताना साळवे दर वेळी एका जागी थांबत. लोक कुरकुरले, हा पापी माणसाच्या घरी पाहुणा गेला म्हणून, त्या जागी. मी ते थांबणं टिपून ठेवलं होतं. हितचिंतक वगैरे कोणी नाही, साळवे नोकरीत घेतलेलं हप्त्याहप्त्याने फेडत आहेत, असा माझा निष्कर्ष. पुरावा नव्हता. वार्ताहराने अशी बातमी आणली असती तर मी ती परत पाठवली असती.

पण बोलताना मी संपादक नव्हतो. सहा वर्षांपूर्वी नवनगरच्या बसस्टॉपजवळच्या हॉटेलात मंडळीचे सेक्रेटरी आमोस भेटले. तरुण माणूस, बँकेत नोकरी, नेटका. चहा त्यांनीच सांगितला. "सर, तुम्ही त्यांचे शेजारी. हा हितचिंतक कोण, तुम्हाला तरी माहीत असेल," ते म्हणाले. मी म्हणालो, हितचिंतक नाही, साळवेंचेच पैसे असणार, आणि तुमच्या जागी मी असतो तर ते कुठून आले एवढं विचारलं असतं. आमोस चहाचे पैसे देऊन गेले.

त्यानंतरच्या दुसऱ्या रविवारी संध्याकाळी सहाला साळवे आले, नेहमीच्या खुर्चीवर बसले आणि म्हणाले, "आजपासून मी खजिनदार नाही. कमिटीने हितचिंतकाचं नाव मागितलं, मी दिलं नाही."

"द्यायचं होतं."

"माझं असतं तर दिलं असतं."

हे वाक्य मी त्याच दिवशी डायरीत उतरवून ठेवलं. खुलासा करणारे लोक असं बोलतात हे मला माहीत होतं. त्याचा अर्थ दोन्हीकडून लागतो. चौदा वर्षं सांभाळलेलं पद गेलं होतं, आणि का गेलं हे गावभर आपापल्या परीने लोक सांगणार होते. एक नाव सांगून ते थांबवता आलं असतं. मी त्यांना पुन्हा पुन्हा तेच सांगितलं. हॉटेलातल्या चहाबद्दल मात्र मी काही बोललो नाही. ना त्या दिवशी, ना नंतर.

पुढच्या सणाला कमिटीने नियम केला की निनावी बोली चालणार नाही. साळवे शेवटच्या बाकावर बसले होते. तराजू नव्हता. मार्थाबाईची अंडी साठ रुपयांना गेली. त्यापुढच्या वर्षी ती आली, पण काही आणलं नाही. रविवारचा वर्गही बंद झाला. ज्याच्या पैशाबद्दल शंका आहे त्याने पैशाबद्दल शिकवू नये, असं कोणीतरी म्हणालं होतं. त्यानंतर त्यांचा विद्यार्थी मी एकटाच उरलो. ते येत राहिले, मी तपासत राहिलो.

ते गेल्यानंतर हा लेख लिहायचा ठरला तेव्हा मी आधी करायला हवं होतं ते काम केलं. हुबळीच्या धान्यबाजारात गेलो. एक म्हातारे अडते त्यांना ओळखत होते. "तुमच्या साळवेसायबांनी माझी अकरा वजनं नेली होती," ते म्हणाले. "दंड भरला. पैसे मागितले नाहीत, चहा पण नको म्हणाले. असल्या माणसाशी धंदा करणं अवघड." दुसऱ्या दुकानदाराने सांगितलं, "माझ्याकडून नाही घेतले. बाकीच्यांचं मी कसं सांगू?" मीही तेच म्हणू शकतो. घराबद्दल एस्तेरअक्कांना विचारलं. विचारताना मला बरं वाटलं नाही, तरी विचारलं. त्या उठल्या आणि खरेदीखताची प्रत घेऊन आल्या. केलगेरी तलावाजवळची अक्कांच्या वडिलांची जमीन विकून आलेल्या पैशांत घर बांधलेलं आहे. तारखा जुळतात, रक्कम जुळते. घराचा प्रश्न तिथे संपला.

"आणि हितचिंतक?"

"मला ठाऊक नाही, अण्णा. मी कधी विचारलं नाही. तुम्ही रोज विचारत होता ना? तुम्हाला काय सांगितलं?"

मी सांगितलं, माझं असतं तर दिलं असतं असं म्हणाले.

"मग तेच," अक्का म्हणाल्या. "घरी येऊन हसायचे. म्हणायचे, वार्ताहर अजून सोडत नाही."

हितचिंतक साळवे स्वतः होते की दुसरं कोणी, याची खात्री मला आजही करता आलेली नाही. मंडळीतल्या कोणीही पुढे येऊन काही सांगितलेलं नाही.

राहिलं ते पदावरून दूर करण्याचं अधिकृत कारण. ते लोकांच्या तोंडून लिहायचं नव्हतं, म्हणून आमोसकडे कमिटीचं इतिवृत्त मागितलं. आमोस आता पूर्वीसारखे नेटके दिसत नाहीत. "सर, होगली बिडरी," ते कन्नडमध्ये म्हणाले, जाऊ द्या आता. "माणूस गेला. त्यात काय बघायचंय?" मी म्हणालो, बघायचंय. त्यांनी कपाटातून रजिस्टर काढलं, पान उघडून माझ्यापुढे ठेवलं आणि ते खिडकीशी जाऊन उभे राहिले.

ठराव अर्ध्या पानाचा आहे. त्यात म्हटलं आहे, की खजिनदार लिलावात हितचिंतकाच्या नावे लावतात ती रक्कम त्यांची स्वतःची असून ती कुठून आली याबद्दल शंका आहे, अशी माहिती नवनगरमधील एका निवृत्त पत्रकाराने सेक्रेटरींना दिली आहे. पुढे माझं पूर्ण नाव आहे. ही माहिती सभेत वाचून दाखवण्यात आली. खजिनदारांना हितचिंतकाचं नाव किंवा आणखी काही सांगायचं आहे का, असं विचारलं. त्यांनी नाही म्हणून सांगितलं.

खाली सात सह्या आहेत. तिसरी साळवेंची आहे. सभा दुपारी पावणेदोनला संपल्याची नोंद आहे. तारीख त्या रविवारची आहे, ज्या दिवशी संध्याकाळी सहाला ते माझ्याकडे आले होते.