तात्यांच्या तोंडी दुसऱ्याचा आवाज

माझ्या चुलत्यांचा आवाज खराब नाही. हे आधीच लिहून ठेवते, कारण शहरातल्या लोकांनी तो खराब ठरवला आणि गावाने माना डोलावल्या.

तात्या उमेदीत घरची मेंढरं राखायचे. डोंगराच्या एका अंगाला उभं राहून दुसऱ्या अंगाचा कळप हाकारता हाकारता गळा फाटला तो फाटलाच. पाट्यावर कोरडा वरवंटा ओढावा तसा आवाज. तोच घेऊन ते तमाशाच्या फडात शिरले आणि वगात राजा, फौजदार, सावकार, खाष्ट सासू, सगळं झाले. एकाच वगात तीन-तीन सोंगं. गळा एकच, पण सासू बोलायला लागली की मघाचा फौजदार कुणाला आठवायचा नाही.

मग सिनेमावाले खोडदला आले. मागे तिथल्या रेडिओ दुर्बिणीच्या अजस्र तबकड्या आणि पुढे तात्या, सरकारी माणसांना अडवणारा म्हातारा मेंढपाळ. तिथे बिनतारी यंत्रं चालत नाहीत, दुर्बिणीच्या कामात अडथळा येतो. आमच्याकडे शाळेतल्या पोरांनाही हे ठाऊक. या शहाण्यांनी नेमके बिनतारी माईकच आणलेले. तात्या म्हणाले, "राव, माईक बंद असू द्या. मी हाय की."

सिनेमा गावाने सभामंडपात पडदा लावून पाहिला. तात्यांनी तोंड उघडलं आणि आतून बातम्या सांगणाऱ्यासारखा धुतलेला आवाज आला.

"आरं, तात्या लई शिकलं की!" मागून कुणीतरी ओरडलं. मंडप हसला. तात्याही हसले, पण पुढचा सिनेमा त्यांनी जमिनीकडे बघत काढला.

मी सिनेमावाल्यांना फोन करून जाब विचारला. उत्तर आलं, "तिथे आवाज नीट मिळाला नाही. आणि खरं सांगू? लोकांना तो झेपला नसता." वर आमिष: पुढच्या सिनेमात तात्यांना मोठी भूमिका, आवाज मात्र पुन्हा त्याच दुसऱ्याचा. तात्या "बघू" एवढंच म्हणाले.

मला जे येतं ते मी केलं. पत्रक छापलं. 'कलावंताचा गळा दाबणाऱ्यांचा निषेध!' खाली जाड अक्षरात, 'एका गरीब, अन्यायग्रस्त वृद्धाची व्यथा'. मंचरच्या बाजारात स्वतः वाटलं.

संध्याकाळी तात्या पत्रक घेऊन दारात उभे. "ह्यो गरीब कोण गं?"

"तात्या, तुमच्यासाठीच..."

"मला इचारलं व्हतंस? त्यांनीबी न्हाई इचारलं. राजा झालो, फौजदार झालो, सासू झालो, आन् तू मला एकच सोंग दिलंस, रडक्याचं! त्यांनी आवाज काढून घेतला, बाकीचं तू घेतलंस."

 

यात्रेच्या दुसऱ्या दिवशी सकाळी आमच्याकडे तमाशाची हजेरी, म्हणजे दिवसाचा खेळ, होते. उन्हात, गावाच्या मधोमध. यंदा त्यातच तात्यांना शाल दिली. कमिटीच्या अध्यक्षांनी माईक पुढे केला. "तात्या, जरा सिनेमातल्यावानी बोला!"

तात्यांनी माईक घेतला, बंद केला आणि परत त्यांच्याच हातात दिला. मग सरकारी माणसांना अडवायचा तो आख्खा प्रसंग स्वतःच्या गळ्याने म्हटला. "मेंढरं बसल्यात. उठल्याबिगर आमी न्हाई हलणार." पारावरची म्हातारी माणसं उठून उभी राहिली. तात्या थांबले नाहीत. तेच बोलणं फौजदार होऊन म्हटलं, मग पदर खोचून सासू होऊन. सभामंडपात ओरडला होता तो मागूनच म्हणाला, "तात्या, पुन्हा!"

"आता तिकीट इकत घ्यावं लागंल, पावणं," तात्या म्हणाले.

घरी येऊन मला म्हणाले, "लिव्ह त्या सिनेमावाल्यांना. आवाज माझा नसंल, तर तोंडबी माझं मिळायचं न्हाई."

मी एवढंच लिहिलं. एकही विशेषण घातलं नाही. त्यांना वाचून दाखवलं, ते "हां" म्हणाले, मगच पाठवलं. भूमिका गेली. जाऊ दे.