मोठेबाबांसमोर कुजबुजू नये

आमच्या पांढुर्ण्यात मोठेबाबांना ठाऊक नाही असं एकही गुपित नव्हतं, आणि ऐकू तर त्यांना काडीचं येत नव्हतं. मोठेबाबा म्हणजे माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. नागपूरच्या एका कापडगिरणीत, मागांच्या खात्यात, उमेदीची सगळी वर्षं घालवून ते परतले तेव्हा दोन्ही कान तिथेच ठेवून आले होते. शेकडो मागांच्या खडखडाटात कितीही बोंबललं तरी शेजारच्याला ऐकू जात नाही, म्हणून तिथले कामगार ओठ पाहून बोलणं समजून घेत. ही विद्या मोठेबाबांनी गावी आणली आणि गावाची झोप उडवली. त्यांच्याशी ओरडून बोललेलं वाया जायचं, कारण ओरडताना तोंड वेडंवाकडं होतं. पण चौकापलीकडे दोघं कुजबुजू लागले की मोठेबाबा पानठेल्यावर उभ्या उभ्या सगळं वाचून घेत, आणि स्वतःचा आवाज स्वतःला ऐकू येत नसल्यामुळे चारचौघांत गर्जून सांगत. माझ्या बहिणीसाठी आम्ही लोधीखेड्याला मुलगा पाहायला गेलो होतो. मुलाचा बाप आणि काका अंगणाच्या टोकाला निंबाखाली जाऊन हळू बोलू लागले, तसे मोठेबाबा खाटेवरून कडाडले, "पोराची नोकरी सुटली, त लपवून काऊन राहिले जी? आधी सांगा न!" पोहे आतच राहिले. बहीण मात्र त्यांना पुढे जन्मभर दुवा देत होती.

दुसरी खोड धाग्याची. कुणाच्या कपड्याला सुटलेला धागा दिसला की त्यांचे हात शिवशिवत. मी सौंसरच्या तहसील कचेरीत कारकून होतो. एकदा कसलासा दाखला काढायला आले आणि आमच्या साहेबांच्या बाहीचा धागा दातांनी तोडून मोकळे झाले. "ताणा कच्चा हाये साहेब," हा वर शेरा! साहेब महिनाभर मला पाहिलं की बाही झाकायचे. दातओठांची ही सवयही मागावरचीच. धोट्याच्या, म्हणजे मागावर आडवा दोरा नेणाऱ्या लाकडी नळीच्या, भोकातून दोरा तोंडानं ओढून घ्यावा लागे, आणि आमच्या बौद्ध वस्तीतल्या माणसाच्या तोंडचा दोरा इतरांना चालत नसे, म्हणून आमच्या लोकांना त्या खात्यात घेतच नव्हते. मोठेबाबा भांडले, मार खाल्ला, पण माग मिळवलाच. "लोकं फुकट बहिरे होतात," ते ऐटीत सांगत, "म्या भांडून घेतलं हे!" मला त्यांचा फार अभिमान वाटे. त्या मागावर कानांसोबत छातीही गेली, हे आम्हाला फार उशिरा कळलं. गिरणी बंद पडली तेव्हा तिथून त्यांच्यासोबत घरी आला तो फक्त खोकला. कापसाच्या गाड्या निघाल्या की ते हसून म्हणत, "यातला अर्धा माह्या छातीत हाये बे." हसता हसता खोकत, आणि खोकता खोकता भिंत धरत.

शेवटी मी त्यांना नागपूरला डॉक्टरकडे नेलं. तपासणी झाल्यावर डॉक्टरांनी त्यांना बाहेर बाकावर बसवलं आणि मला आत थांबवून घेतलं. दाराचा वरचा अर्धा भाग काचेचा होता. डॉक्टरांनी आवाज अगदी खाली आणला. फुप्फुसं संपली आहेत, सहा महिने निघाले तर खूप, पण त्यांना सांगू नका. मीही खालच्या आवाजात "बरं" म्हणालो. बहिऱ्या माणसाला ऐकू जाऊ नये म्हणून काचेसमोर कुजबुजणारे आम्ही दोघे शहाणे! बाहेर येऊन मी हसऱ्या चेहऱ्यानं सांगितलं, साधा खोकला आहे. त्यांनी मान डोलावली. गाडीत बसल्यावर काटोल येईपर्यंत ते माझ्या बाहीचा सुटलेला धागा बोटाला गुंडाळत बसले. मग उभ्या आयुष्यात पहिल्यांदा मी त्यांना हळू बोलताना ऐकलं.

"डॉक्टर भला माणूस हाये. सहा महिने म्हणताना मान खाली घातली त्यानं." मला रडू आवरेना. त्यांनी माझ्या गुडघ्यावर हात ठेवला. "तुह्या मोठीआईले सांगू नको. अन् तिच्यापुढं तोंडातल्या तोंडातबी पुटपुटू नको. इतकी वर्षं माह्यासंगं राहिली, तिलेबी येते ओठ वाचता."

घरी पोहोचलो तेव्हा मोठीआई ओट्यावरच उभी होती. मोठेबाबांनी रस्त्यातूनच नेहमीसारखी आरोळी ठोकली, "खोकल्याचं औषध देल्लं वं! चहा मांड, पोरगा थकला!" सगळ्या गल्लीला कळलं. "बरं झालं," असं म्हणून तिनं माझ्या हातातली पिशवी घेतली. मोठेबाबा तिच्याकडे पाठ करून चपला काढत होते. तेवढ्यात माझ्याकडे पाहून तिनं नुसते ओठ हलवले. आवाज नाही, काही नाही. मला ती विद्या कधीच आली नाही, पण तेवढं समजलं: "किती दिवस?"

मी मान खाली घातली. पाठमोऱ्या मोठेबाबांना ते दिसलं नसेल, अशी मी आजही स्वतःची समजूत घालतो.