न जोडलेले ठिपके

एका रविवारी माझा भाऊ ऑफिसातल्या मित्रांबरोबर वर्सोव्याहून होडीने मढला गेला. जेवणानंतर तो समुद्रात उतरला. मित्र परत आले. तो आला नाही. दोन दिवसांनी कोळ्यांनी त्याला किनाऱ्यावर आणलं.

आम्ही शाळेत असतानाच वडील गेले होते. त्यामुळे अंधेरीच्या त्या दोन खोल्यांत आता आई आणि मी उरलो. मी एका कॉलेजच्या ग्रंथालयात नोकरीला होते. आई घर बघायची. रोज सकाळी दार उघडलं की ती आधी रांगोळी काढायची आणि मग चहा टाकायची. मालवणजवळच्या तिच्या गावी सारवलेलं अंगण होतं. इथे जिन्याच्या तोंडाशी हातभर फरशी होती. तेवढ्या जागेत ती ठिपके मांडायची आणि चिमटीतून रेघ सोडत ते जोडत जायची. भाऊ ऑफिसला निघताना मुद्दाम लांब टांग टाकून ती ओलांडायचा आणि म्हणायचा, "बघ गं, तुझ्या ताजमहालाला धक्का नाही लागला."

तेराव्यानंतर मावशीने, आईच्या धाकट्या बहिणीने, रांगोळीचा डबा उचलून माळ्यावर ठेवला. "आता वरीसभर दारात रांगोळी नाय," ती म्हणाली. आईने मान हलवली. ज्या घरातलं माणूस गेलं आहे, त्या घरी आमच्याकडे वर्षभर असंच असतं. मलाही त्यात काही वावगं वाटलं नाही.

आई रडली नाही. स्वयंपाक करायची, विचारलं तर उत्तर द्यायची. फक्त बसलेली असली की तिच्या उजव्या हाताचा अंगठा तर्जनीवर फिरत राहायचा. मांडीवर काहीतरी बारीक, न दिसणारं सांडत असल्यासारखा. पुस्तक समोर धरून मी त्या हाताकडे बघत बसायचे. हळूहळू मला त्याची भीती वाटायला लागली.

मग एका सोमवारी शेजारच्या काकूंनी आईला घरी आणलं. ती वर्सोव्याच्या बसच्या रांगेत अनवाणी उभी होती.

"आई, कुठे निघाली होतीस?"

"मासळी आणूक."

हातात पिशवी नव्हती, पैसे नव्हते. आणि सोमवारी आमच्या घरात मासळी शिजत नसे. हे तिला माहीत होतं. मला माहीत होतं, हेही तिला माहीत होतं.

त्या दिवसापासून मी घरातल्या प्रत्येक वस्तूकडे वेगळ्या नजरेने बघू लागले. घासलेटचा डबा काकूंकडे नेऊन ठेवला. सकाळी लागेल तेवढंच स्टोव्हमध्ये भरायचे. बाथरूमच्या दाराला आतून कडी होती, ती स्क्रू काढून उतरवली. आईने विचारलं नाही, मीही सांगितलं नाही. दुपारी मावशी घाटकोपरहून येऊन सोबतीला बसायची. संध्याकाळी जिना चढताना माझी पावलं पहिल्या मजल्यावर आपोआप थांबायची. मी वास घ्यायचे. घासलेटचा वास येतोय का, जळल्याचा येतोय का. कुणाच्या तरी घरी फोडणी पडलेली असायची, आणि मग मी पुढे चढायचे.

कॉलेजातल्या एका सहकारी बाईंनी मला पालिकेच्या इस्पितळातल्या मानसोपचाराच्या डॉक्टरांबद्दल सांगितलं. मावशीला ते अजिबात आवडलं नाही.

"शिकलंस, म्हणान आवशीक येड्यांच्या डॉक्टराकडे नेतंस?"

"मग कुणाकडे नेऊ? तूच सांग."

दुसऱ्या दिवशी आईची वेणी मावशीनेच घातली आणि आम्हाला बसपर्यंत सोडायला आली.

डॉक्टर मध्यमवयीन बाई होत्या. त्यांनी भावाबद्दल काही विचारलं नाही. टेबलावर कोरे कागद आणि मेणाच्या रंगीत खडूंची पेटी ठेवली.

"हाताला येईल ते काढा."

"माका चित्रा येणत नाय," आई म्हणाली.

"मलाही येत नाहीत. इथे कुणी मार्क देत नाही."

आई बराच वेळ पेटीकडे बघत राहिली. मग तिने काळा खडू उचलला आणि कागदाच्या कोपऱ्यात एक ठिपका दिला. त्याच्या शेजारी दुसरा. ओळीखाली ओळ येत गेली. पान भरलं तेव्हा तिने खडू परत त्याच्या खाचेत ठेवला आणि पदराने बोटं पुसली.

पुढच्या आठवड्यातही ठिपकेच. त्याच्या पुढच्याही. डॉक्टरांनी खडूंची एक पेटी घरी दिली, आणि घरातही कागद ठिपक्यांनी भरू लागले. भरलेला कागद ती गादीखाली ठेवायची. रात्री मी त्याच गादीवर तिच्याशेजारी झोपायचे. कूस बदलली की खालून कागद वाजायचे.

माझी सवय पुस्तकांकडे जायची. ग्रंथालयात प्रतीकांवरची, स्वप्नांवरची जी काही होती ती मी काढून वाचली. एकात ठिपके म्हणजे विखुरलेलं मन होतं, दुसऱ्यात काळा रंग म्हणजे मृत्यूची ओढ. तिसरं मी अर्ध्यावर मिटलं. त्या दिवशी अर्ध्या दिवसाची रजा टाकून मी घरी धावले. आई तांदूळ निवडत होती. "इतक्यात इलंस?" तिने विचारलं. मला धाप लागली होती, म्हणून मी पाणी पिण्याचं निमित्त केलं.

डॉक्टरांना मी बाहेर गाठलं. "याचा अर्थ काय होतो?"

"मला माहीत नाही."

"पण आई एकही चित्र काढत नाही. एक रेघसुद्धा नाही."

"तेही माहीत नाही. तुम्ही मात्र सगळं माहीत असल्यासारख्या घाबरताय. त्यांच्यासमोर ते कागद उलटेपालटे करत जाऊ नका."

पावसाळ्यात एक दिवस उघडीप मिळाली, तेव्हा गादी उन्हाला टाकायची म्हणून मावशीने ती उचलली आणि कागदांचा गठ्ठा तिच्या हाती लागला. मी घरीच होते.

"गो, ह्या काय? दारात नाय, तर गादीखाली रांगोळी? वरीस तरी सरांदे!" ती गठ्ठा घेऊन कचऱ्याच्या डब्याकडे निघाली.

आई उठली. इतक्या महिन्यांत मी तिला इतक्या चटकन उठताना पाहिलं नव्हतं. तिने मावशीचं मनगट धरलं.

"ती रांगोळी न्हय. ठिपके आसत. जोडलंय खय मी?"

"म्हणजे?"

"जोडले काय रांगोळी होता. वरीस सरल्यार जोडतलंय."

मावशीच्या हातातून तिने कागद काढून घेतले, कडा जुळवल्या आणि गादी नव्हती म्हणून कपाटात ठेवले. मावशी माझ्याकडे बघत होती आणि मी तिच्याकडे. आई वर्षाचा दुखवटा पाळत होती. रांगोळी काढायची नाही म्हणून ती काढत नव्हती. ठिपके मांडायचे नाहीत, असं तर कुणी म्हटलं नव्हतं.

मला हायसं वाटायला हवं होतं. वरीस सरल्यावर, असं ती म्हणाली होती. म्हणजे तोवर तरी ती असणार होती. थोडे दिवस मी जिन्यात न थांबता वर चढले. मग एकदा भाजी चिरताना विचार आला: आणि जोडून झाल्यावर काय? एवढे ठिपके राखून ठेवलेत ते एकदा जोडले, की तिच्यासाठी मागे काय राहणार? त्यानंतर मला वर्षश्राद्धाची भीती वाटू लागली. दिवाळी आली, आमच्याकडे ती नव्हती. काकूंच्या दारात पणत्या होत्या. आई आपल्या दारात उभी राहून त्यांच्या रांगोळीकडे बघत होती, बोटं फिरत होती, आणि मी तिच्या मागे तिचा पदर हातात घट्ट धरून उभी होते. तिला ते कळलं असावं. तिने पदर सोडवून घेतला नाही.

डॉक्टरांना मी हे सांगितलं. यावेळी त्यांनी माझी भीती उडवून लावली नाही. "त्या दिवशी घरी राहा," एवढंच म्हणाल्या.

वर्षश्राद्ध झालं. दुसऱ्या दिवशी सकाळी आईने मला माळ्यावरचा डबा काढायला लावला. तिने फरशी पुसली, उकिडवी बसली. मी उंबऱ्याच्या आत, हात लांब केला तर पोचेल इतक्या अंतरावर. कागदांवर मांडायची तसेच ठिपके मांडून झाले. मग तिने पहिली रेघ सोडली. रेघ कुठे जाड पडली, कुठे तुटली. ती न थांबता एकेक ठिपका घेत गेली. मी उरलेले ठिपके मोजत होते.

शेवटचा एक उरला. आईने चिमूट डब्यात झाडली आणि झाकण लावलं.

"आई, एक राहिला."

"ऱ्हवांदे तो. फाल्या बघूया."

फाल्या म्हणजे उद्या. ती गुडघ्यावर हात टेकून उठली आणि चहा टाकायला आत गेली. मी तिथेच बसून राहिले.

दुसऱ्या दिवशी तिने ती रांगोळी पुसली आणि नवी काढली. तिच्यातही एक ठिपका सोडला. नंतरची कितीतरी वर्षं ती तसंच करत होती. का, ते मी कधी विचारलं नाही. विचारलं तर ती तो जोडून टाकेल असं मला वाटायचं.

आई म्हातारी होऊन, आजारी पडून, माझ्यासमोर गेली. त्यालाही आता बरीच वर्षं झाली. मी त्याच घरात राहते. रांगोळीचा डबा खाली, हाताशी आहे. बाथरूमच्या दाराला अजून कडी नाही.