माकडाच्या पिल्लाची माय

रिठदच्या थांब्यावर एसटीची वाट पाहताना शेजारची बाई माझ्या मोबाइलमध्ये डोकावली. अंगावर पिणारी मुलगी सासूजवळ ठेवून ती वीटभट्टीच्या कामाला निघाली होती. ओल्या पोलक्यावर पदर पुन्हा पुन्हा ओढून घेत होती.

सध्या सगळीकडे फिरणारा व्हिडिओ मी पाहत होतो. प्राणिसंग्रहालयातले माकडाचे पिल्लू कापडी बाहुलीला बिलगून बसले होते.

“माय मेली काय त्याची?” तिने विचारले.

“नाही. टाकून दिलं तिनं.”

“टाकलं कायले म्हन्ता, भाऊ? तिची बी काही अडचन असन.”

तेवढ्यात व्हिडिओ संपला.

“अजून एकदा लावा बरं.”

मी लावला. या वेळी तिची नजर पिल्लामागे, जाळीपाशी बसलेल्या माकडिणींवर होती. त्यांतली त्याची माय कोणती, ते ती शोधत होती.