एकाच चादरीची तीन घरं

मी वाचायला शिकलो ते पत्रकांवर. वडील विडी कामगारांच्या संघटनेत होते. घरात पुस्तकं कमी आणि पत्रकांचे गठ्ठे जास्त. त्यामुळे काही चुकीचं दिसलं की मी अजूनही आधी कागद शोधतो.

सोलापुरात तेव्हा माझ्यासोबत खोलीत मंगळवेढ्याकडचा एकजण राहायचा. चादरीच्या कारखान्यात तो तपासणीच्या टेबलावर होता. प्रत्येक चादरीवरून हात फिरवायचा, धागा तुटलेला सापडला की खडूने खूण करून ती बाजूला टाकायचा. त्याचं लग्न ठरलं होतं. साखरपुड्याला दोन महिने झाले, मुलीचा नंबर मिळाला, पण त्याने एकदाही फोन केला नव्हता. बायकांशी काय बोलतात हेच त्याला ठाऊक नव्हतं.

तो मोबाईलवर अश्लील व्हिडिओ बघायचा. चकचकीत परदेशी त्याला नको असायचे. ते लग्नाच्या अल्बमसारखे वाटतात, म्हणायचा. त्याला घरगुती लागायचे. हलणारा कॅमेरा, भिंतीवर कॅलेंडर, कोपऱ्यात कूलर आणि वर लिहिलेलं, 'खरे नवरा-बायको'. यात काय एवढं, असं मी एकदा विचारलं.

"मधलं सगळ्यांचं सारखंच असतंय," तो म्हणाला. "मी आधीचं न् नंतरचं बघतो. ती पाणी मागती, त्यो उठून देतो. असलं आपल्याला कोण सांगणार हाय?"

मी त्यावरही पत्रक लिहायला घेतलं होतं. पहिलंच वाक्य असं होतं की हे व्हिडिओ चोरून काढलेले असतात आणि बघणारा त्या चोरीत सामील असतो. सुट्टीच्या दुपारी मी ते त्याला वाचून दाखवलं. त्याने शांतपणे ऐकलं. मग म्हणाला, पत्रकराव, न बघताच कसं लिहिता? आणि मोबाईल माझ्यापुढे धरला.

मी पुरावा शोधत होतो. त्याची नजर मात्र भलतीकडेच थांबली. त्याने चित्र थांबवून पलंगाची कड मोठी केली. मग दुसरा व्हिडिओ लावला, मग तिसरा. माणसं वेगळी, भिंती वेगळ्या, गावंही वेगळी लिहिलेली. चादर आपली सोलापुरी, मोरांची. तिन्हींत कडेच्या मोराच्या मानेत एकाच जागी धागा तुटलेला.

"एकच पीस हाय," तो म्हणाला. तपासणीच्या टेबलावर म्हणत असेल तशाच आवाजात.

माझं पहिलं वाक्य तिथंच पडलं. निदान हे तीन तरी मुद्दाम रचलेले होते, कुणाच्या घरातून चोरलेले नव्हते. त्यातल्या बायका राजीखुशीने आल्या होत्या का, हे चादरीवरून कळण्यासारखं नव्हतं. मी ते वाक्य खोडलं. नवीन सुचेना.

त्याने मोबाईल पालथा ठेवला.

"म्हंजे ते पाणी बी सांगूनच मागितल्यालं."

मग त्याने मोबाईल उचलून त्या मुलीचा नंबर लावला. पलीकडून आवाज आला. तो म्हणाला, "मला काय बोलावं कळत न्हाय. तुमीच बोला की."

मी कागद घेऊन जिन्यात जाऊन बसलो. अर्ध्या तासाने परत आलो तेव्हा तो तिला विचारत होता, तुमच्याकडं नळाला पाणी किती दिवसांनी येतं.