पाठमोरा भाऊ

एटेलमावशी आमच्या बुडापेस्टच्या स्टुडिओतली एडिटर. हातातली कात्री आणि तोंडाचा पट्टा, दोन्ही सारखेच चालायचे. मी प्रोजेक्टर चालवायचो, म्हणून पट्ट्याचा मार बहुतेक मलाच.

एकोणीसशे सत्तावन्न सालची गोष्ट. सिनेमा जवळपास तयार झाला होता आणि नायिकेच्या भावाचं काम करणारा सेपेशी डेनेश चोरून सीमा ओलांडून व्हिएन्नाला निघून गेला. सरकारचा वरून हुकूम आला, देश सोडून पळालेल्या माणसाचा चेहरा पडद्यावर दिसता कामा नये. आणि गोष्ट तर सगळी बहीण-भावाचीच! पुन्हा चित्रण करायला परवानगी मिळेना. सिनेमा डब्यात जाणार हे आम्ही धरूनच चाललो. मला सगळ्यात वाईट वाटायचं ते विल्माबाईंचं. डेनेशची आई, आमच्याच कपडेपटात इस्त्री करायच्या. मुलगा गेला आणि आता त्याचं कामही जाणार.

एटेलमावशीने चित्रणातले टाकाऊ तुकडे बाहेर काढले. डेनेशला एक खोड होती, बोलता बोलता कॅमेऱ्याकडे पाठ करायचा. दिग्दर्शकाने त्यावरून त्याचा किती उद्धार केला होता! ते वाया गेलेले सगळे तुकडे तिने जोडले आणि संवाद दुसऱ्याच्या आवाजात भरले. चेहरा कुठेच नाही. नुसती पाठ, मान, हात.

सेन्सॉर समितीच्या साहेबांसाठी मी सिनेमा लावला. मध्येच साहेब म्हणाले, "हा भाऊ सारखी पाठ का फिरवतो?"

"रुसलाय बहिणीवर," एटेलमावशी शांतपणे म्हणाली.

"आमचा धाकटाही असाच!" साहेब हसले. सिनेमा पास झाला आणि माझा जीव भांड्यात पडला.

विल्माबाई माझ्या प्रोजेक्टरच्या खोलीच्या झरोक्यातून बघत होत्या. एटेलमावशी आत आली तशा म्हणाल्या, "आवाज कुठल्या बोक्याचा घातलास गं, मेले?"

"मिळाला तो घातला. बाकी?"

"बाकी तोच. घर सोडून गेला तेव्हा हीच मान दिसली होती मला. आता कुणी कापणार नाही ना?"

"पास झालाय. गावभर दाखवणार आहेत."

विल्माबाई मटकन खाली बसल्या आणि पोटभर रडल्या. मग नाक पुसून माझ्यावर खेकसल्या, "बघत काय बसलास? लाव पहिल्यापासून!"